दंडावरची खूण आणि कांजिण्या
'दंडावर देवीच्या लसीची खूण आहे, मग कांजिण्यांची लस कशाला' असं काही जण म्हणतात, ते पटत नाही. देवीचा विषाणू वेगळ्या कुळातला, कांजिण्यांचा तर नागिणीचाच. एकाची लस दुसऱ्याला चालत नाही. शिवाय १९८० नंतर जन्मलेल्यांची खूण बहुधा बीसीजीची, म्हणजे क्षयरोगाच्या लसीची असते.

कांजिण्यांची लस राष्ट्रीय मोफत यादीत नाही, तेव्हा म्हापसा-मडगावला खासगी बालरोगतज्ज्ञांकडे विचारा. पावडर द्रवात मिसळल्यावर ३० मिनिटांत टोचावी लागते, नाहीतर आतला जिवंत विषाणू निकामी होतो. म्हणून कुपी आपल्यासमोरच तयार करायला सांगा. तेरा वर्षांखाली दोन डोसांत ३ महिने, मोठ्यांना किमान ४ आठवडे अंतर. घरात कुणाला कांजिण्या उठल्याच, तर बाकीच्यांना ३ दिवसांत टोचली तरी उपयोग होतो. गरोदर बाईला मात्र अजिबात नाही.