भारतीय भाषांतले समाजमाध्यम: तरुणांनी या धंद्यात पडावे का?

दीर्घदृष्टी:
कानपूर आयआयटीतून बाहेर पडलेल्या अंकुश सचदेवा, भानू प्रताप सिंग आणि फरीद अहसान यांनी २०१५ मध्ये शेअरचॅट हे भारतीय भाषांतले समाजमाध्यम सुरू केले. २०२२ मध्ये कंपनीचे मूल्यांकन ५ अब्ज डॉलरच्या आसपास गेले आणि जानेवारी २०२३ मध्ये सुमारे २० टक्के कर्मचाऱ्यांना घरी पाठवण्याची पाळी आली. जुलै २०२४ मध्ये ट्विटरच्या धर्तीवरच्या 'कू' या देशी ॲपनेही गाशा गुंडाळला. माझ्या मते नव्या मुलांनी या वाटेला जाऊ नये, कारण मराठी किंवा तेलुगू वाचकासाठी जाहिरातदार इंग्रजी वाचकाइतका भाव देत नाही आणि सर्व्हरचे बिल मात्र भाषा पाहून येत नाही.

बोलघेवडा:
दोन्ही कंपन्यांना एकाच मापाने मोजणे मला मान्य नाही. फेब्रुवारी २०२१ मध्ये सरकारचे ट्विटरशी वाजले, तेव्हा मंत्री कूवर गेले. पुढे ती लाट ओसरली. शेअरचॅटची गोष्ट निराळी. आपल्याला व्हॉट्सॲपच्या गटात घ्यावे म्हणून सचिन तेंडुलकरच्या चाहत्यांनी फेसबुकवर बिनदिक्कत फोन क्रमांक टाकलेले सचदेवांना दिसले. त्यांनी त्या क्रमांकांचे गट करून पाहिले, तर एकमेकांना न ओळखणाऱ्या माणसांच्या संदेशांचा पूर आला. ही गरज कोणा मंत्र्याच्या आवाहनातून उपजली नव्हती.

दीर्घदृष्टी:
गरज होतीच. पण तिथे फिरणाऱ्या 'शुभ सकाळ'च्या चित्रांचे पैसे कोण मोजतो?

आडवाट:
घोडे अडले ते शुभ सकाळपाशी नव्हे. २९ जून २०२० रोजी टिकटॉकवर बंदी आली आणि शेअरचॅटने अवघ्या काही दिवसांत 'मोज' हे छोट्या व्हिडिओंचे ॲप बाजारात उतरवले. त्याच वर्षी इन्स्टाग्रामचे रील्स आणि यूट्यूबचे शॉर्ट्सही भारतात आले. ज्यांच्या तिजोरीला तळ नाही त्यांच्याशी गुंतवणूकदारांच्या पैशांवर झुंज घ्यायची, वर २०२२ मध्ये एमएक्स टकाटक हे तसलेच ॲप पदरात घ्यायचे, हा हव्यास नडला. एकाच भाषेपुरते, बेताच्या भांडवलावर काम करणाऱ्यांना मी तरी अडवणार नाही.

दीर्घदृष्टी:
बेताच्या भांडवलात अफवा आणि शिवीगाळ कोण निस्तरणार? केंद्र सरकारच्या २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनुसार ५० लाख नोंदणीकृत वापरकर्त्यांपुढे गेले की अनुपालन अधिकारी, चोवीस तास उपलब्ध असणारा समन्वय अधिकारी आणि तक्रार निवारण अधिकारी, असे तिघे नेमावेच लागतात.

आडवाट:
ती अट ५० लाखांपुढची आहे. तीन-चार लाख मराठी शेतकरी रोज बाजारभावावर बोलत असतील, तर बियाणे आणि ठिबकवाले जाहिरात देतील, आणि तेवढ्यावर दहा माणसांचे पगार निघत असतील तर मला त्यात अपयश दिसत नाही.