पानशेतच्या माहितीपटात परगावचा पूर: चालतं का?

रिळवाला: माहितीपटांसाठी जुनं फुटेज शोधून देणं हा माझा धंदा. परवा एका निर्मात्याशी वाजलं. विषय पानशेतचं धरण फुटून पुण्यात आलेला पूर, १२ जुलै १९६१. खात्रीचे शॉट हाती लागले जेमतेम ४० सेकंदांचे, त्यांना हवी होती दोन मिनिटं. म्हणे, "कुठलाही ब्लॅक अँड व्हाइट पूर टाक, पाणी ते पाणीच." मी नाही म्हटलं, काम गेलं. निवेदनात गाव आणि तारीख सांगताय, तर चित्र त्याच गावचं, त्याच दिवसांतलं हवं. नसेल तर माणसांना बोलू द्या.

कात्री: असहमत. मी संकलक आहे. दोन मिनिटं नुसती बोलणारी डोकी दाखवली तर लोक चॅनेल बदलतात. पूर म्हणजे काय ते कळल्याशी मतलब.

शनवारातली: पुण्यात खपवून दाखवाच! पहिल्याच खेळाला कुणीतरी उठून म्हणेल, हा लकडी पूल नव्हे.

कात्री: 😄 मान्य. पण पुण्याबाहेर कोण ओळखणार आहे?

रिळवाला: तिथंच तर घोळ होतो. १९१७च्या रशियन क्रांतीचं 'खरं फुटेज' म्हणून हिवाळी राजवाड्यावरची जी चाल दाखवतात, ती दिग्दर्शक आयझेन्स्टाईननं 'ऑक्टोबर' सिनेमासाठी १९२७ मध्ये चित्रित केलेली. एकानं उचललं, त्याच्यावरून दुसऱ्यानं, आणि आता तेच खरं. तुमचा परगावचा पूर उद्या 'पानशेत १९६१' म्हणून फिरेल.

कात्री: मग कोपऱ्यात 'प्रातिनिधिक दृश्य' लिहा, मिटलं. आणि शोधायला वेळ कुठे मिळतो? फिल्म्स डिव्हिजन, म्हणजे सरकारचा चित्रपट विभाग, १९४८ची; तेव्हा दर आठवड्याला थिएटरात त्यांचा वार्तापट असायचा. तुमचा २० सेकंदांचा तुकडा भलत्याच शीर्षकाच्या रिळात असणार. निर्माता आठवडा देतो.

गल्लीतला वकील: थोडं अवांतर. सिनेमाचा कॉपीराइट आपल्याकडे प्रकाशनानंतर ६० वर्षं. १९६१चा वार्तापट २०२१अखेर मोकळा झाला. मग जुन्या फुटेजचे सेकंदावर पैसे घेतात ते कसले?

रिळवाला: वकीलसाहेब, हक्क संपला म्हणून रीळ चालत घरी येत नाही. ते जपणं, साफ करणं, स्कॅन करणं, याचे पैसे. दर चढे असतात हे मात्र खरं. पण प्रकाशित न झालेल्या रशेसचं, म्हणजे कच्च्या चित्रीकरणाचं काय? त्यांची ६० वर्षं सुरूच होत नाहीत ना?

गल्लीतला वकील: बरोबर, ती वेगळी भानगड.

कात्री: बघा! म्हणून मी म्हणते, प्रातिनिधिक लिहा आणि पुढे चला.

रिळवाला: ती पाटी तीन सेकंद दिसते हो. क्लिप कापून पाठवणारा पहिली तीच कापतो.

शनवारातली: आमच्या मामेसासऱ्यांच्या माळ्यावर ८ मिमी फिल्मचा एक डबा आहे. पुराचा की मुंजीचा, कुणाला ठाऊक नाही. प्रोजेक्टर मिळाला तर लावून बघू का?

रिळवाला: अजिबात लावू नका! तुटेल. आधी डबा उघडून वास घ्या, व्हिनेगरसारखा आंबट येतोय का? तसा आला तर फिल्म सडायला लागलीय. आणि झाकणावर काही लिहिलंय का, ते आजच कळवा.