शेजाऱ्याची सामासिक अंतरातली खोली: महापालिका की कोर्ट?

कर्वेनगरकर
पुण्यातली बंगल्यांची सोसायटी, प्रत्येक प्लॉटची मिळकत पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड) वेगळी. शेजाऱ्यांनी आमच्या बाजूच्या सामासिक अंतरात, म्हणजे हद्द आणि बांधकाम यांच्यात मोकळ्या सोडायच्या पट्ट्यात, विटांची खोली उठवली आहे, वर पत्रा. पत्र्याचं पाणी आमच्या आवारात पडतं. आता पत्रा काढून स्लॅब टाकायचा बेत दिसतो, सेंट्रिंगचं सामान येऊन पडलंय. महापालिकेत दिलेल्या तक्रार अर्जाची पोच आहे, पुढे हालचाल नाही. "भिंत माझ्याच हद्दीत आहे" असं ते म्हणतात. सरळ दावा लावावा का?

नकाशा_आधी
ते खरंही बोलत असतील, पण त्याने त्यांची सुटका होत नाही. हद्द ओलांडणं आणि सामासिक अंतर न सोडणं ही दोन वेगळी प्रकरणं आहेत. पहिलं नगर भूमापन कार्यालयाकडून मोजणी करून, 'क' प्रत (मोजणीचा अधिकृत नकाशा) हातात घेऊन दिवाणी कोर्टात सुटतं. दुसरं महापालिकेचं. एकाच अर्जात दोन्ही लिहिलं की "हद्दीचा वाद आहे, कोर्टात जा" असं उत्तर ठरलेलं.

म्हणून आधी कागद काढा. माहिती अधिकारात जोडपत्र 'अ', 10 रुपये शुल्क, विषय एकच आणि मजकूर 150 शब्दांत: त्या मिळकतीचा मंजूर नकाशा, बांधकाम परवानगी, जोते (पाया) तपासणी आणि भोगवटा पत्र यांच्या प्रती. 'त्रयस्थ पक्षाची माहिती' म्हणून नाकारलं तर 30 दिवसांत पहिलं अपील करा. नकाशात तो पट्टा मोकळा दाखवला असेल तर तुमचं अर्धं काम झालं. अंतर मोजताना टेप कंपाउंडच्या भिंतीपासून धरू नका. भिंत हद्दीवरच असते असं नाही.

अॅड_शिवाजीनगर
स्लॅब पडायच्या आत नवा अर्ज द्या आणि त्यात प्रादेशिक व नगररचना अधिनियम 1966 चं कलम 54 स्पष्ट लिहा. ते चालू काम थांबवण्यासाठी आहे. कलम 53 झालेलं काम काढण्यासाठी. लोक फक्त "पाडा" म्हणतात, तोवर स्लॅब होऊन जातो. तारीखवार फोटो जोडा.

53 ची नोटीस निघाली म्हणजे जिंकलो असं समजू नका. नोटिशीच्या मुदतीत शेजारी कलम 44 खाली बांधकाम कायम ठेवण्याची परवानगी मागू शकतात, आणि तो अर्ज निकाली निघेपर्यंत कारवाई अडते. नियमात बसणारं असेल तर शुल्क भरून वाचेलही. म्हणून तक्रारीत 'अनधिकृत' एवढंच न लिहिता शिल्लक अंतर किती आणि 2020 च्या एकत्रिकृत नियमावलीप्रमाणे (राज्याचे बांधकाम नियम) त्या प्लॉटला किती हवं, हे मीटरमध्ये मांडा. शिवाय नोव्हेंबर 2024 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्देशांनुसार पाडण्याआधी 15 दिवसांची नोटीस लागते. लगेच जेसीबी येणार नाही.

ते नोटिशीविरुद्ध स्थगिती आणायला जातील. त्याआधी कॅव्हेट, म्हणजे "आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका" असा अर्ज, कोर्टात दाखल करा, 90 दिवस चालतं.

कर्वेनगरकर
महापालिका गप्पच बसली तर? आणि आमच्या गच्चीवरही पत्र्याची शेड आहे...

अॅड_शिवाजीनगर
गप्प बसली तर उच्च न्यायालयात रिट (महापालिकेला कर्तव्य करायला लावण्याचा अर्ज). कोल्हापूरला सर्किट बेंच झालं तरी पुणे त्यात नाही, मुंबईच. मात्र तिथे सहसा "तक्रारीवर ठरावीक मुदतीत निर्णय घ्या" इतकाच आदेश मिळतो, पाडण्याचा नाही.

पाण्याचा प्रश्न महापालिकेवर सोडूच नका. पन्हळ लावून पाणी त्यांच्याच आवारात वळवावं, यासाठी दिवाणी न्यायाधीशांकडे कायम मनाईचा दावा लावता येतो. सोबत कोर्ट कमिशनर नेमून पाहणीचा अर्ज द्या, पावसाळ्यातच. उजेड-वाऱ्याचा सुविधाधिकार (शेजारच्या जागेवरून उजेड-वारा मिळत राहण्याचा हक्क) मात्र 20 वर्षांच्या अखंड वापराशिवाय मागू नका.

नकाशा_आधी
शेडचं आधी बघा. पाहणीला येणारा कनिष्ठ अभियंता गच्ची बघतोच, आणि उलट तक्रार पहिल्याच आठवड्यात येते. परवानगी नसेल तर अर्ज देण्याआधी काढून टाका.