बारा नाण्यांचे कोडे: पारडे झुकल्यावर पुढे काय करावे? मदत हवी आहे

नमस्कार. खोट्या नाण्याचे जुने कोडे आपल्यापैकी अनेकांनी सोडवलेले असेल. दिसायला अगदी सारखी बारा नाणी आहेत, त्यांतले एक खोटे आहे. ते इतरांपेक्षा हलके आहे की जड, हे मात्र ठाऊक नाही. दोन पारड्यांच्या तराजूवर फक्त तीन वेळा तोलून खोटे नाणे ओळखायचे आणि ते हलके की जड हेही सांगायचे.

मी कागदाच्या बारा चकत्यांवर आकडे घालून सलग दोन संध्याकाळी हे कोडे मांडून पाहिले. आधी १, २, ३, ४ डाव्या पारड्यात आणि ५, ६, ७, ८ उजव्या पारड्यात ठेवली. पारडी समान राहिली तर वाट सरळ आहे, कारण ही आठही नाणी खरी ठरतात आणि ९, १०, ११ यांना १, २, ३ यांच्याशी तोलले की उरलेला उलगडा तिसऱ्या खेपेस होतो.

अडचण आहे ती पारडे झुकल्यावर. समजा, डावे पारडे खाली गेले. म्हणजे १ ते ४ पैकी एक जड आहे किंवा ५ ते ८ पैकी एक हलके आहे, अशा आठ शक्यता उरतात. मी १, २ विरुद्ध ३, ४ तोलून पाहिले, पण पारडी समान राहिल्यास ५ ते ८ ही चारही नाणी संशयित राहतात आणि एकदा तोलण्याचे निकाल तीनच असल्यामुळे चारांतून एक निवडता येत नाही. मग १, २, ५, ६ विरुद्ध ३, ४, ७, ८ असे केले, तर डावे पारडे खाली गेल्यास १ वा २ जड किंवा ७ वा ८ हलके, म्हणजे पुन्हा चारच! हा चारचा आकडा काही केल्या पाठ सोडत नाही.

कृपया पूर्ण उत्तर लिहू नये, केवळ दिशा दाखवावी. इथवर आल्यावर शेवटचे पाऊल स्वतः टाकण्याची मनापासून इच्छा आहे. दुसरी शंका मात्र सविस्तर समजावून द्यावी. तीनदा तोलल्यावर निकाल २७ प्रकारचे येऊ शकतात, आणि तेरा नाण्यांच्या शक्यता २६ होतात. मग तेरा नाण्यांचे कोडे का सुटत नाही?

प्रतिसाद:
चार शक्यता उरल्या की वाट बंद होते, हे आपण अचूक हेरले आहे. म्हणून आठ शक्यतांची विभागणी ३, ३ आणि २ अशी व्हायला हवी. दोन्ही गटांतली काही नाणी बाहेर काढा, काही जागेवर ठेवा, आणि निदान एक नाणे पारडे बदलून पलीकडे न्या. खरी ठरलेली ९ ते १२ ही नाणीही हाताशी आहेत, हे विसरू नका.

तेरा नाण्यांची अडचण पहिल्याच पायरीवर आहे. चार विरुद्ध चार तोलून पारडी समान राहिली तर बाहेरच्या पाच नाण्यांच्या १० शक्यता उरतात. पाच विरुद्ध पाच तोलून पारडे झुकले तरी १०च. उरलेल्या दोन खेपांत मात्र निकाल फक्त ९ मिळतात. नक्की खरे असलेले एक जादा नाणे दिले, तर पाच विरुद्ध चार आणि ते जादा नाणे असे तोलून तेरांचेही कोडे सुटते. भौतिकशास्त्रज्ञ फ्रीमन डायसन यांनी १९४६ साली या कोड्याचा सर्वसाधारण विचार मांडला होता. त्या हिशेबाने चारदा तोलून ३९ नाण्यांपर्यंत जाता येते.

धागाकर्ता:
मनःपूर्वक आभार, सुटले! १, २, ५ विरुद्ध ३, ६, ९ असे तोलले. डावे पारडे खाली गेले तर १ वा २ जड किंवा ६ हलके, उजवे खाली गेले तर ३ जड किंवा ५ हलके, आणि समान राहिली तर ४ जड किंवा ७ वा ८ हलके. मी एक तर एक पूर्ण गट बाहेर काढत होतो, नाही तर एकही नाणे बाहेर काढत नव्हतो. ५ डावीकडे आणि ३ उजवीकडे नेले, ४, ७, ८ बाहेर काढली आणि गाठ सुटली. आता ३९ चकत्या कापायला घेतो. पहिल्या खेपेस तेरा विरुद्ध तेरा ठेवावी लागतील असे दिसते, कारण मग कोणत्याही निकालात २६ शक्यता उरतात आणि या वेळी खरी नाणीही हाताशी असतात.