११ वर्षं पोलवर चढलो, आता म्हणे आयटीआय दाखवा

खांबावरचा
नमस्कार मंडळी. वीज लाईनवर ११ वर्षं कंत्राटी आहे. शिक्षण आठवी पास, वय ३८. या काळात ठेकेदार चार बदलले, माणसं मात्र आम्हीच. यंदाच्या टेंडरमध्ये वायरमन किंवा इलेक्ट्रिशियनचा आयटीआय सक्तीचा केलाय. सुपरवायझरने यादी वाचली, त्यात आम्हा सात जणांची नावंच नाहीत. गंमत बघा, माझ्या जागी आलेल्या पोराला कुठल्या लाईनला दोन बाजूंनी सप्लाय येतो, हे मीच दोन दिवस हिंडून दाखवलं. लाईन तोडायचा एबी स्विच उघडला तरी डिस्चार्ज रॉड, म्हणजे तारेतला करंट जमिनीत उतरवायची काठी, लावल्याशिवाय तारेला हात घालायचा नाही, कुणाचा तरी जनरेटर उलटा करंट सोडतो, हेही सांगितलं. न सांगून कसं चालेल, जिवाचा प्रश्न आहे.
कागद नाही म्हणून असं काढता येतं का? आणि आता तो कागद मिळेल का?

निवृत्त निदेशक
भाऊ, दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण ते तुमच्या हातात आहे. आयटीआयची अखिल भारतीय व्यवसाय परीक्षा खासगी उमेदवार म्हणून देता येते. त्या ट्रेडमधला तीन वर्षांचा अनुभव आणि २१ वर्षं पूर्ण असावी लागतात. इलेक्ट्रिशियनला दहावी लागते, तुम्ही वायरमन धरा. प्रात्यक्षिकात तुम्ही मी आयटीआयत शिकवलेल्या पोरांना मागे टाकाल. ड्रॉइंग आणि गणित छळेल, त्याची तयारी आजपासून करा. जवळच्या सरकारी आयटीआयमध्ये अर्जाची तारीख विचारा. आणि नीट ऐका, थोड्या दिवसांच्या कौशल्य प्रमाणपत्राला आयटीआय समजून पैसे घालू नका. टेंडरमध्ये नेमका शब्द काय आहे तो वाचा.

पास होऊन घरी
राग मानू नका दादा, पण आम्ही दोन वर्षं शिकून, ॲप्रेंटिस करून बसून आहोत. अट आहे म्हणून तरी आमचा नंबर लागतो.

तारीख पे तारीख
पहिल्या प्रश्नावर. भगवती प्रसाद खटल्यात सुप्रीम कोर्टाने १९८९ साली म्हटलंय की किमान शिक्षणाची अट कामावर घेताना बघायची. बरीच वर्षं काम करून घेतल्यावर तीच पुढे करून कायम न करणं अन्यायाचं आहे. पण तिथले कामगार थेट एका सरकारी महामंडळाचे रोजंदार होते, मध्ये ठेकेदार नव्हता. तुमच्याकडे आधी नोकर कुणाचे, यावरच वाद होईल. तोवर कामावरून कमी केल्याची भरपाई तरी मागा: त्याच मालकाकडे वर्षात २४० दिवस भरले असतील तर महिन्याची नोटीस आणि दर पूर्ण वर्षामागे १५ दिवसांचा पगार. हजेरीचे फोटो, गेटपास, पगाराच्या नोंदी, सगळं जपा. कोऱ्या राजीनाम्यावर सही नको.

खांबावरचा
सही परवाच मागितली होती. पेन नाही म्हटलं.
निदेशक साहेब, अनुभवाचा दाखला कुणाकडून घेऊ? पहिल्या दोन ठेकेदारांचे फोनच बंद आहेत.

निवृत्त निदेशक
पीएफचं पासबुक काढा. यूएएन, म्हणजे पीएफचा कायमचा नंबर, एकच असेल तर ठेकेदारांची नावं आणि महिने त्यात दिसतील. ते जोडा, आणि आत्ताचा ठेकेदार जायच्या आत त्याच्या लेटरहेडवर दाखला घ्या, कामाचं स्वरूप लिहून.

खांबावरचा
काढलं. पहिल्या ठेकेदाराची दोन वर्षं कोरी. पगारातून पीएफ मात्र कापायचा.

निवृत्त निदेशक
त्याची तक्रार पीएफ कार्यालयात वेगळी करा. पुढची नऊ दिसतात ना? मग अर्जाला तीन वर्षं भरली.

पास होऊन घरी
दादा, ड्रॉइंगच्या माझ्या वह्या आहेत. पत्ता मेसेज करा.