मदत हवी आहे: मानवतावाद आणि रेनेसाँचं (युरोपातल्या प्रबोधनकाळाचं) चर्चसंगीत, नोट शुक्रवारी द्यायचीये

दुसरा_टेनर
नमस्कार, मी नेदरलँड्समध्ये एका हौशी क्वायरमध्ये गातो. कॉन्सर्टची प्रोग्राम नोट या वेळी माझ्याकडे आलीये, तीनशे शब्द. पहिला ड्राफ्ट कंडक्टरबाईंनी परत पाठवला, सोबत एकच ओळ, 'ह्युमॅनिझमचं काहीच आलं नाही, त्याशिवाय हा पीस कळत नाही'. आता मला शाळेपासून माहीत असलेला मानवतावाद म्हणजे माणूस केंद्रस्थानी, धर्माची पकड ढिली वगैरे, आणि इथे तर पूर्ण वेळ देवाकडे दयेची याचना चाललीये, मग यात मानवतावाद दाखवू कुठे? तीन दिवस वाचतोय, काही सुधरत नाहीये. कुणी नीट सांगेल का, शुक्रवारपर्यंत हवंय.

मंद्रसप्तक
कोणता पीस? कोणाचा? किती आवाजांचा? हे लिहिलंच नाही तुम्ही.

घुमट_आणि_गाणं
द्युफायपासून, म्हणजे पंधराव्या शतकातल्या रचनाकारापासून, सुरुवात करा. २५ मार्च १४३६ ला फ्लॉरेन्सच्या कॅथीड्रलचं पवित्रीकरण झालं, पोप युजीन चौथे स्वतः हजर, आणि त्या दिवसासाठी द्युफायने 'नूपेर रोझारुम फ्लोरेस' रचलं. त्याच्या चार भागांचं कालमानाचं प्रमाण ६:४:२:३ आहे आणि तेच वास्तुविशारद ब्रुनेलेस्कीने त्या कॅथीड्रलवर बांधलेल्या घुमटाचं. संगीत आणि वास्तुकला एकाच गणितावर, याहून मोठं रेनेसाँचं उदाहरण नाही.

मंद्रसप्तक
प्रमाण बरोबर आहे, पण घुमटाशी जुळतं हा १९७३ चा दावा आहे आणि तो नंतर टिकला नाही. १९९४ मध्ये संगीत-इतिहासकार क्रेग राइट यांनी दाखवलं की हे आकडे बायबलमधल्या सॉलोमनच्या मंदिराच्या मापांशी जुळतात, साठ, चाळीस, वीस, तीस हात. म्हणजे ही मध्ययुगीन प्रतीकाची पद्धत झाली. नोटमध्ये घुमट टाकलात तर बाई पुन्हा परत पाठवतील.

घुमट_आणि_गाणं
दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं की. कॅथीड्रलच्या उद्घाटनाला कॅथीड्रलचा विचार रचनाकाराच्या मनात नसेल हे मला पटत नाही.

दुसरा_टेनर
अहो पण माझा पीस द्युफायचा नाहीये!! जोस्कँचा आहे, तोही रेनेसाँचाच रचनाकार, पाच आवाज.

मंद्रसप्तक
जोस्कँचे पाच आवाजांचे बरेच आहेत. नाव सांगा.

लॅटिनवाली_मावशी
नाव येईपर्यंत मूळ गोंधळ सोडवते, कारण तो शब्दात आहे. पंधराव्या शतकातला 'उमानिस्ता' म्हणजे देव नाकारणारा माणूस नव्हे. तो 'स्तुदिया उमानितातिस' शिकवणारा, म्हणजे व्याकरण, वक्तृत्व, काव्य, इतिहास आणि नीतिशास्त्र. त्यांच्यातल्याच पोज्जो ब्राच्चोलिनीला १४१६ मध्ये सांक्ट गालेनच्या मठात प्राचीन रोमन शिक्षक क्विंटिलियनच्या वक्तृत्वावरच्या ग्रंथाची पूर्ण प्रत सापडली, १४२१ मध्ये लोदीला रोमन वक्ता सिसेरोचं 'दे ओरातोरे' (वक्त्याविषयी) पूर्ण मिळालं, आणि ही मंडळी भारावून गेली. वक्त्याने शिकवायचं, रिझवायचं आणि हलवून सोडायचं, हे त्यांचं सूत्र. यातले बरेच जण श्रद्धाळू ख्रिस्ती होते, काही तर पाद्री. तेव्हा तुमच्या पीसमध्ये देवाविरुद्ध काय आहे हे शोधूच नका, तिथे काही मिळणार नाही. शब्दांचं काय केलंय ते बघा. अक्षरावरचा आघात सांभाळलाय का, वाक्य जिथे थांबतं तिथे संगीत थांबतं का, अर्थ बदलला की पोत बदलतो का. 'मानवतावाद' हे भाषांतर इथे फार दिशाभूल करतं.

स्वरभास्कर_भक्त
म्हणजे आपली शब्दप्रधान गायकी. ख्यालात बंदिशीचे शब्द कळत नाहीत आणि भावगीतात कळतात, तसं.

मंद्रसप्तक
इतकं सरळ नाही. ख्यालात एक गायक शब्द विस्तारतो, इथे चार-पाच आवाज एकाच वेळी वेगवेगळी अक्षरं म्हणतात म्हणून शब्द हरवतात. ह्युमॅनिस्ट विद्वान इरॅस्मसची तक्रार तीच होती, चर्चमध्ये नुसता आवाजांचा गलका ऐकू येतो.

स्वरभास्कर_भक्त
ख्यालात शब्द हरवतात असं मी म्हणालोच नाही, श्रोत्याला कळत नाहीत म्हणालो. आणि एकेका शब्दाचा भाव आळवणारे ख्यालगायकही आहेत, त्यांना असं एका वाक्यात बाजूला सारू नका.

क्वायर_पुणे
पालेस्त्रिना विसरू नका कुणी! सोळाव्या शतकातल्या ट्रेंटच्या कॅथलिक धर्मपरिषदेत चर्चमधलं बहुस्वरी (एकाच वेळी अनेक आवाजांचं) संगीत बंद होणार होतं, रचनाकार पालेस्त्रिनाने 'पोप मार्सेलुस मिस्सा' (मिस्सा म्हणजे चर्चमधल्या मुख्य उपासनेचं संगीत) लिहिली, शब्द स्वच्छ ऐकू आले आणि संगीत वाचलं. शब्द कळावेत याचं सगळ्यात मोठं उदाहरण तेच.

लॅटिनवाली_मावशी
ही गोष्ट सुंदर आहे पण दंतकथा आहे. परिषदेने सप्टेंबर १५६२ मध्ये चर्चमधून कामुक आणि अशुद्ध संगीत दूर ठेवा एवढंच ठरवलं, बहुस्वरी गाण्यावर बंदी घातली नाही. मार्सेलुस दुसरे १५५५ मध्ये जेमतेम तीन आठवडे पोप होते, त्यांनी गुड फ्रायडेला गायकांना बोलावून शब्द नीट कळले पाहिजेत असं सांगितलं हे खरं, आणि मिस्सा छापली गेली १५६७ मध्ये. २८ एप्रिल १५६५ ला रोममध्ये कार्डिनल व्हितेलोत्झींच्या घरी पोपच्या गायकांकडून मिस्सा गाऊन घेतल्या, शब्द कळतात का हे तपासायला, ही नोंद आहे. पण पालेस्त्रिनाने एकहाती संगीत वाचवलं हा भाग नंतर जोडलाय. आणि जोस्कँ गेला १५२१ मध्ये, त्याचा या परिषदेशी संबंध लावता येत नाही.

क्वायर_पुणे
दंतकथा असेल, मिस्सा खोटी नाही ना? शब्द ऐकू येतात हे कानाने कळतं.

वसईची_आल्टो
थोडं वेगळं सांगते. आमची आजी सांगायची, तिच्या तरुणपणी मिस्सा लॅटिनमध्ये असायची, पाठ म्हणायची सगळं पण अर्थ नंतर कळला, दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर मराठीत आली तेव्हा. प्रार्थनेचा शब्द माणसापर्यंत पोचला पाहिजे हा हट्ट मला त्यामुळे परका वाटत नाही. टेनरदादा, दयेची याचना म्हणालात, म्हणजे बायबलमधलं स्तोत्र ५१ का? आमच्याकडे राखेच्या बुधवारी असतं ते.

दुसरा_टेनर
हो तेच, 'मिझेरेरे मेई देउस', देवा माझ्यावर दया कर. सॉरी, मला वाटलं पाच आवाज म्हटल्यावर कळेल. पण आमच्या कॉपीवर ५० लिहिलंय.

वसईची_आल्टो
लॅटिन बायबलच्या क्रमाने ५०, आत्ताच्या क्रमाने ५१. एकच स्तोत्र.

लॅटिनवाली_मावशी
अहो हे आधी सांगायचं! तुमच्या हातात सगळ्यात चांगलं उदाहरण आहे. साव्होनारोला, फेरारात जन्मलेला डॉमिनिकन साधू, २३ मे १४९८ ला फ्लॉरेन्समध्ये फासावर गेला आणि मग जाळला गेला. त्याआधी तुरुंगात त्याने याच स्तोत्रावर एक चिंतन लिहिलं, 'इन्फेलिक्स एगो', मी अभागी, आणि त्यात 'मिझेरेरे मेई देउस' हे शब्द पुन्हा पुन्हा येतात. फेराराचा ड्यूक एर्कोले त्याला मानणारा. जोस्कँ १५०३ ते १५०४ असा साधारण वर्षभर त्याच्या पदरी होता आणि तुमचा पीस त्याच काळातला. आता रचना बघा. टेनर, म्हणजे पुरुषांचा वरचा आवाज, फक्त तेवढेच तीन शब्द म्हणतो, दोनच सुरांत, म्हणजे जवळजवळ बोलल्यासारखं. पहिल्या भागात दर वेळी एक सूर खाली उतरत सप्तकभर खाली जातो, दुसऱ्या भागात पायरी पायरीने परत वर चढतो, तिसऱ्यात पुन्हा उतरतो पण अर्ध्यातच थांबतो. बाकीचे आवाज दोघं-तिघं मिळून ओळ सांगतात आणि त्या शब्दांना येऊन सगळे पाच एकत्र होतात. एकटा माणूस पापाची कबुली देतोय आणि दर थोड्या वेळाने सगळी सभा त्याच्यासोबत विनवते, असं मला ऐकू येतं. शब्दाने ऐकणाऱ्याला हलवायचं, हेच ते वक्तृत्व.

मंद्रसप्तक
मावशी, बहुतेक मान्य, पण एक लिहायला हवं. टेनरला ठरलेली ओळ देऊन ती पायरीपायरीने फिरवणं हा जुना खेळ आहे, त्यात ह्युमॅनिस्ट असं काही नाही. शब्दांच्या आघाताचे नियम नीट लिहून काढले संगीतशास्त्रकार झार्लिनोने १५५८ मध्ये व्हेनिसला, लांब अक्षराखाली आखूड सूर नको वगैरे. जोस्कँने सिसेरो वाचून हे केलं असं नोटमध्ये लिहू नका. त्याच्या आसपासच्या दरबारात ही हवा होती एवढंच म्हणा.

लॅटिनवाली_मावशी
सांगाडा जुना, त्याचा उपयोग नवा, असं म्हणते मी. सांगाडा नवा असता तर मी इतकी हललेच नसते.

मंद्रसप्तक
हे चालेल.

हेडफोन_सल्लागार
रेकॉर्डिंग ऐकताना मागून बंद हेडफोन घेऊ नका, चर्चचा घुमारा मेल्यासारखा वाटतो. ओपन बॅक घ्या. आणि लॅटिन इटालियन पद्धतीने उच्चारा, जर्मन पद्धतीने नको.

दुसरा_टेनर
हेडफोन आहेत माझ्याकडे, तो प्रश्न नव्हता. उच्चार बाईंनी ठरवलेत.

मावशी, मंद्रसप्तक, वसईकर ताई, मनापासून आभार. खरं सांगतो, ती ओळ मीच गातो. सहा आठवडे मला वाटत होतं की मला सगळ्यात सोपं आणि कंटाळवाणं काम दिलंय, दोन सूर, तेच शब्द, मधे नुसती विश्रांती मोजायची. काल रात्री तुमचे प्रतिसाद वाचून ते तीन शब्द आधी नुसते बोलून पाहिले, मग सुरात म्हटले, आणि दुसऱ्या भागात वर चढताना आवाज भरून आला. नोट आता तिथूनच सुरू करतोय, टेनर काय म्हणतो आणि ते शब्द कुठून आले. साव्होनारोलाला दोन वाक्यं, फेरारा एक, ह्युमॅनिझमची व्याख्या एकाच वाक्यात आणि 'मानवतावाद' हा अर्थ डोक्यातून काढून. मंद्रसप्तकचा इशाराही घेतलाय.

फक्त एक विचारायचंय, ड्यूक एर्कोले स्वतः टेनर गायला असं एका ठिकाणी वाचलं, ते लिहू का?

मंद्रसप्तक
'गायला असावा' असा तर्क आहे. तसंच लिहा, 'गायला' लिहू नका.

वसईची_आल्टो
कॉन्सर्ट कधी आहे ते अजून सांगितलं नाहीत. आणि रेकॉर्डिंग झालं तर इथे टाका, दुसऱ्या भागातला चढ मला ऐकायचाय.