न्यायाधीन (खटल्याचा निकाल लागायचा आहे अशा) बंद्याला दुसऱ्या कारागृहात वर्ग करण्यासाठी न्यायालयाची परवानगी लागते का?

हडपसरची बहीण:
माझा धाकटा भाऊ चौदा महिन्यांपासून एका मध्यवर्ती कारागृहात न्यायाधीन बंदी आहे आणि त्याचा खटला शिवाजीनगरच्या सत्र न्यायालयात चालू आहे. बराकीतील गर्दी कमी करण्यासाठी काही जणांना नागपूरला वर्ग करणार असून त्या यादीत आपलेही नाव असल्याचे त्याच्या कानावर आले आहे, असे त्याने मागच्या मुलाखतीत, म्हणजे कारागृहातल्या भेटीत, सांगितले. आमची आई सत्तर वर्षांची आहे. ती दर पंधरवड्याला बसने मुलाखतीला जाते. सातशे किलोमीटरचा प्रवास तिला झेपणार नाही. शिवाय साक्षीदारांची उलटतपासणी ऐन रंगात असताना वकिलांनी त्याच्याशी बोलायचे कसे? असा निर्णय कारागृह प्रशासन एकटे घेऊ शकते का?

शिवाजीनगरचा वकील:
ताई, तुमचा भाऊ अद्याप दोषी ठरलेला नाही, आणि सगळा फरक तिथेच पडतो. बंदी हलवण्याचा अधिकार कायद्याने शासनाला आहे. पण तो मुख्यतः शिक्षा भोगणाऱ्यांसाठी आहे. न्यायाधीन बंदी न्यायालयाच्या आदेशाने कोठडीत असतो, म्हणून त्याला हलवण्यापूर्वी त्या न्यायालयाची परवानगी घ्यावी लागते. हा प्रश्न आपल्याच राज्यातून सर्वोच्च न्यायालयात गेला होता. ११ जुलै २००६ च्या मुंबई लोकल स्फोटांतील आरोपींना २००८ मध्ये आर्थर रोडहून इतर कारागृहांत पाठवले गेले. त्या प्रकरणात २०१२ साली न्यायालयाने स्पष्ट केले की, अशी परवानगी देणे हे कारकुनी काम नसून न्यायिक काम आहे. कारागृहाचे पत्र आले आणि त्यावर सही झाली, एवढ्याने भागत नाही. न्यायाधीशांनी कारणे तपासली पाहिजेत, कारण दूर पाठवल्याने बंद्याचा बचाव दुबळा होतो आणि तो आप्तांपासून तुटतो. आदेश निघण्याची वाट न पाहता वकिलांना आजच त्याच न्यायालयात अर्ज द्यायला सांगा आणि आमचे म्हणणे ऐकल्याशिवाय परवानगी देऊ नये, अशी विनंती त्यात करा.

एक पत्नी:
माझे पती शिक्षा झालेले बंदी आहेत, त्यामुळे त्यांच्या बदलीच्या वेळी न्यायालयाचा प्रश्नच आला नाही. मुलाखतीला गेल्यावर दारात कळले की ते तिथे नाहीत. तो दिवस मी विसरलेले नाही, म्हणून सांगते: भावाची औषधे, डॉक्टरांचे कागद आणि पुढच्या तारखांची नोंद यांच्या प्रती घरी ठेवा. आईच्या आजारपणाचे दाखलेही अर्जाला जोडा. नंतर आम्ही केलेल्या अर्जात नुसती कळकळ होती, कागद एकही नव्हता. तो फेटाळला गेला.

निवृत्त न्यायालयीन कर्मचारी:
वकीलसाहेबांचे म्हणणे योग्य आहे, मात्र त्यातून चुकीची आशा बांधू नये. अमुकच कारागृहात राहण्याचा मूलभूत हक्क कोणत्याही बंद्याला नाही. २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बिहारचे राजकारणी पप्पू यादव यांना पाटण्याच्या बेऊर कारागृहातून दिल्लीच्या तिहारला हलवले, तेव्हा हे ठामपणे सांगितले गेले. त्यामुळे ‘आम्हाला पुणेच हवे’ असे लिहिण्यापेक्षा खटला इथे चालू आहे, उलटतपासणीसाठी वकिलांनी बंद्याशी समोरासमोर चर्चा करणे आवश्यक आहे आणि गर्दीच कमी करायची असेल तर जवळच्या कारागृहाचा पर्याय आहे, असे मांडावे. तारखेला दूरदृश्य प्रणालीने हजर करू, असे उत्तर येण्याची शक्यता आहे. पडद्यावरच्या हजेरीने तारीख निभावते, पण वकिलाशी खाजगीत बोलणे होत नाही, हे अर्जातच नमूद करावे. परवानगी दिली गेलीच, तर मुंबई उच्च न्यायालयात दाद मागता येते.

खर्चाची अडचण असेल तर कोठडीतील व्यक्तीला विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ नुसार मोफत वकील मिळतो आणि त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा किंवा १५१०० या क्रमांकावर विचारा.

हडपसरची बहीण:
उद्या सकाळी अकराला वकिलांना भेटते. आईच्या तपासण्यांचे कागद आजच काढून ठेवले आहेत.